भुताला संगीतानं हसू नये

भुताचा विनोदी सिनेमा करायला निघालेली मंडळी एक प्रश्न हमखास विचारतात. पाहणारा घाबरलाही पाहिजे आणि हसलाही पाहिजे, मग पार्श्वसंगीत नेमकं कुणाच्या बाजूनं वाजवायचं? त्याच्या पाठोपाठ, जरा हळू आवाजात, दुसरा प्रश्न येतो: आणि हे सगळं पैसे नसताना कसं करायचं?

सोलापूर जिल्ह्यात हे प्रश्न विचारणारे तरुण आता आहेत. करमाळा तालुक्यातल्या जेऊरच्या नागराज मंजुळे यांनी ‘पिस्तुल्या’ हा लघुपट केला, मग ‘फँड्री’ आणि ‘सैराट’ केले. सिनेमा करायला आधी मुंबई गाठावी लागते, ही समजूत त्यानं बरीच सैल झाली. ‘सैराट’साठी अजय-अतुल यांनी थेट हॉलिवूडमधल्या सोनीच्या स्कोअरिंग स्टेजवर वाद्यवृंद ध्वनिमुद्रित केला. या प्रकरणात आपण अगदी दुसऱ्या टोकाला उभे आहोत. वाद्यवृंद नाही, स्टुडिओ नाही. एक लॅपटॉप, एक माइक, ओळखीचे दोन-तीन वादक आणि पडद्यावर चादर पांघरलेलं भूत. एवढ्यावर काय काय होऊ शकतं ते पाहू.

१. संगीत काढून टाकलं तर

जॉन कारपेंटर या अमेरिकन दिग्दर्शकानं १९७८ मध्ये ‘हॅलोवीन’ हा भयपट केला. खर्च तीन लाख डॉलरच्या आसपास, म्हणजे तिकडच्या मानानं किरकोळ. संगीत घालण्याआधी त्यानं तो एका स्टुडिओतल्या अधिकारी बाईंना दाखवला, तर त्यांना त्यात भिण्यासारखं काहीच वाटलं नाही. हे कारपेंटरनं स्वतःच लिहून ठेवलं आहे. मग त्यानं थोड्याच दिवसांत स्वतः संगीत केलं. पियानोवर पाच मात्रांची एक छोटी जागा, पुन्हा पुन्हा तीच. ही पाच मात्रांची लय लहानपणी वडिलांनी त्याला बोंगोवर शिकवली होती. चित्रं तीच राहिली, कथा तीच राहिली, आणि लोक खुर्चीत आखडून बसू लागले.

या उदाहरणातून नवख्या संगीतकारानं घ्यायची गोष्ट अशी, की कारपेंटरकडे वाद्यं कमी होती, सूर कमी होते, वेळ तर नव्हताच. पण त्या थोड्या सुरांना एकच काम दिलेलं होतं. पडद्यावरचा मुखवट्यातला माणूस खरा आहे, एवढंच ते सूर सांगत होते.

२. हसण्याचं काम कुणाचं?

आता त्यात विनोद आणू. पहिला मोह असा होतो, की भुताच्या जागी भीतीचं संगीत आणि विनोदाच्या जागी गमतीचं संगीत घालावं. पात्र घसरून पडलं की शिट्टी, डोळे मोठे केले की टुणकन तार. पडद्यावरच्या प्रत्येक हालचालीची अशी नक्कल करण्याला सिनेमावाले मिकी माऊसिंग म्हणतात. तमाशात सोंगाड्याच्या पावलावर ढोलकीची थाप पडते, तेव्हा ती शोभते. तिथं ढोलकीवाला सोंगाड्याकडे पाहत असतो, आणि आजची थाप कालच्यासारखी नसते. सिनेमात ती थाप कायमची गोठते. शिवाय ती प्रेक्षकाला सांगते, की इथं हसा. असं सांगितलेलं हसू फार टिकत नाही.

माझं मत स्पष्ट आहे. भय-विनोदी सिनेमात संगीतानं भुतावर पूर्ण विश्वास ठेवावा. हसण्याचं काम माणसांचं: पडद्यावरच्या आणि समोर बसलेल्या. मेल ब्रुक्स यांच्या ‘यंग फ्रँकेन्स्टाइन’ या १९७४ च्या चित्रपटात जॉन मॉरिस यांनी व्हायोलिनवर एक अंगाईसारखी धून दिली आहे. ती खरोखरच सुंदर आहे, तिच्यात चेष्टेचा लवलेश नाही. राक्षस त्या धुनेमागे खुळावल्यासारखा चालत येतो आणि आपण हसतो. ‘एअरप्लेन!’ या १९८० च्या विनोदी चित्रपटाच्या दिग्दर्शकांनी एल्मर बर्नस्टीन या ज्येष्ठ संगीतकाराकडून मुद्दाम गंभीर संगीत मागून घेतलं. विमान खरंच संकटात आहे असं ते संगीत मानतं, म्हणून आतला वेडेपणा आणखी वेडा वाटतो. पुढे १९८४ चं ‘घोस्टबस्टर्स’ही बर्नस्टीन यांच्याकडेच आलं.

आपल्याकडे महेश कोठारे यांचा ‘झपाटलेला’ आठवा. १९९३ चा सिनेमा. रामदास पाध्ये यांनी घडवलेला बाहुला आणि त्याच्यात शिरलेला तात्या विंचू. त्या काळी लहान असलेली माणसं आजही त्या बाहुल्याबद्दल बोलताना आधी भीतीची आठवण सांगतात. तात्या विंचू खरोखर धोकादायक होता, म्हणूनच लक्ष्मीकांत बेर्डे यांची तारांबळ हसवू शकली. याउलट रामसे बंधूंच्या ‘पुराना मंदिर’मध्ये (१९८४) भयाची कथा एकीकडे आणि जगदीप यांचं ‘शोले’चं विडंबन दुसरीकडे चालतं. दोन्ही पाहायला मिळतात, पण दोन्ही एकमेकांना हात लावत नाहीत.

सोलापूरची शेंगाचटणी उखळात कुटतात तेव्हा शेंगदाणा, लसूण आणि तिखट एकमेकांत मुरतात, पण जिभेवर तिन्ही वेगवेगळे ओळखू येतात. मिक्सरमध्ये बारीक केली की सगळ्याचा एकच लगदा होतो. भीती आणि विनोद कुटलेल्या चटणीसारखे एकत्र हवेत. संगीत स्वतःही थोडं घाबरवतं आणि थोडं हसवतं असं केलं, तर दोन्ही चवी जातात.

३. भारुडातलं भूत

हे तत्त्व कुणी परदेशातून आणून इथं लावतो आहे असं वाटू नये. सोलापूर जिल्ह्यातल्याच पंढरपुरात ते शतकानुशतकं वाजतं आहे.

सोळाव्या शतकात पैठणच्या एकनाथांनी भारुडं रचली. त्यांतल्या एका भारुडात एक जबर मोठं भूत आहे. ते ज्याला झपाटतं तो माणूस पुन्हा पहिल्यासारखा होत नाही. हे भूत म्हणजे देवच. सादर करणारा लुगडं नेसून, केस मोकळे सोडून, घाबऱ्याघुबऱ्या डोळ्यांनी अंगणात येतो. बायका-पोरं आधी दचकतात, मग हसतात, आणि शेवटी हात जोडतात. विंचवाच्या भारुडातही तेच: डंखाची ओरड ऐकून हसू येतं, पण वेदना खोटी वाटत नाही.

आता मागे बसलेल्या वादकांकडे लक्ष द्या. मृदंगवाला गंमत म्हणून वाकडे बोल वाजवत नाही. टाळकरी मध्येच खट्याळपणा करत नाहीत. अभंगाला जशी साथ करतील तशीच ते भुतालाही करतात. लय हळूहळू चढते, एकाच जागी फिरत राहते, आणि अंगात येणं म्हणजे काय हे कानाला कळू लागतं. सगळा विनोद पुढच्या माणसाच्या तोंडात आणि हातवाऱ्यांत असतो. साहित्य एक मृदंग, एक एकतारी आणि काही टाळ, एवढंच. कमी खर्चाच्या भय-विनोदी संगीताचा याहून चांगला धडा मला माहीत नाही. तुमचा सिनेमा सुरू करण्याआधी आषाढीच्या दिवसांत पंढरपुरात एक रात्र भारूड ऐकावं, आणि ऐकताना नट न पाहता वादक पाहावेत.

४. भीतिदायक राग असतो का?

‘भुतासाठी कोणता राग घेऊ?’ असं पुष्कळ जण विचारतात. कोमल ऋषभ लावला की भीती वाटते, असं कुणीतरी सांगितलेलं असतं. पण आपल्या भागातल्या माणसाला भैरवातला कोमल ऋषभ म्हणजे पहाट, काकडा, देवळातली घंटा. सात मात्रांचा रूपक आणि दहा मात्रांचा झपतालही आपल्या कानाला परके नाहीत. कारपेंटरच्या पाच मात्रांनी अमेरिकन प्रेक्षक जसा अस्वस्थ झाला, तसा आपला केवळ विषम मात्रांनी होईलच असं नाही. भीती एका सुरात किंवा तालात बसलेली नसते. ती तीन वेगळ्या गोष्टींतून येते, आणि त्या एकामागून एक समजून घेतल्या पाहिजेत.

पहिली गोष्ट दचकण्याची. अचानक मोठा आवाज झाला की आपण विचार करण्याआधीच डोळे मिटतो. ही शरीराची प्रतिक्रिया आहे. तिच्यासाठी आवाज नुसता मोठा असून चालत नाही, तो एकदम चढला पाहिजे, आणि त्याआधी शांतता असली पाहिजे. दहा सेकंद मोठं संगीत वाजवून मग दणका दिला, तर दणका वाया जातो. दहा सेकंद जवळजवळ काहीच नाही आणि मग हलगीचा एकच ठोका, इतकंही पुरतं. मात्र हे शस्त्र लवकर बोथट होतं. सत्तर मिनिटांच्या सिनेमात ते दोन-तीनदा वापरावं, जास्त नाही.

दुसरी गोष्ट खरखरीची. संकटात सापडलेल्या प्राण्याचा आवाज फाटतो. तो सुरेल राहत नाही, त्यात खर येते. मार्मोट नावाच्या, खारीच्या कुळातल्या प्राण्यांच्या हाका अभ्यासणाऱ्या डॅनियल ब्लमस्टीन या शास्त्रज्ञानं २०१० मध्ये सहकाऱ्यांसह चित्रपटांचे ध्वनिपट तपासले. असे फाटलेले, खरबरीत आवाज भयपटांत जागोजाग पेरलेले त्यांना आढळले. ‘सायको’ (१९६०) मधल्या न्हाणीघराच्या प्रसंगात बर्नार्ड हरमन यांनी फक्त तंतुवाद्यं वापरली, आणि ती किंचाळायला लावली. तिथं संगीतच नको असं दिग्दर्शक हिचकॉक यांचं आधी म्हणणं होतं. ऐकल्यावर त्यांनी ते बदललं.

तिसरी गोष्ट मला सगळ्यांत मोलाची वाटते: न जुळलेला सूर. एक तार २०० हर्ट्झला लावली, म्हणजे ती सेकंदाला २०० वेळा थरथरते. शेजारची तार २०३ ला लावली. दोन्ही एकदम छेडल्या तर कानाला दोन सूर ऐकू येत नाहीत. एकच सूर ऐकू येतो, आणि तो सेकंदाला तीन वेळा लहान-मोठा होत राहतो. २०३ वजा २०० बरोबर ३, इतका सरळ हिशेब. फरक एकवर आणला तर आवाज सेकंदाला एकदा श्वास घेतल्यासारखा फुगतो आणि बसतो. दोन तुणतुणी आणि थोडा संयम, एवढ्यात अंधाऱ्या खोलीत कुणीतरी आहे ही जाणीव तयार होते. प्रेक्षकाला काय बिघडलंय हे सांगता येत नाही, आणि तेच हवं असतं.

५. मागाची शेड आणि रिकामी सम

आता एक प्रसंग घेऊन प्रत्यक्ष काम करू. समजा, सोलापूरच्या पूर्व भागात बंद पडलेल्या यंत्रमागाची एक शेड आहे. रात्री दोन मित्र शटर उचलून आत शिरतात. चित्रफीत सुरू झाल्यापासून २२ व्या सेकंदाला एक माग आपोआप चालू होतो. ३२ व्या सेकंदाला मागावरची चादर वर उठते, आत म्हातारा कामगार आहे. ३३ व्या सेकंदाला तो विचारतो, “पगार झाला का रे?”

पहिलं काम वाद्य हातात न घेता करायचं असतं. प्रसंग दहा वेळा पाहून कागदावर लिहायचं, की संगीत कोणत्या सेकंदाला सुरू होईल, कोणत्या सेकंदाला थांबेल, आणि का. या ‘का’चं उत्तर देता आलं नाही तर तिथं संगीत नको. कमी पैशांच्या सिनेमात पहिल्यापासून शेवटपर्यंत संगीत ओतलेलं असतं, कारण खराब ध्वनिमुद्रण झाकायचं असतं. ते झाकलं जात नाही. उलट पाहणाऱ्याचे कान थकतात आणि नेमक्या जागी काहीच परिणाम होत नाही.

दुसरं काम लय ठरवण्याचं. चालू माग मिनिटाला १२० ठोके देतो असं धरू. म्हणजे सेकंदाला दोन. संगीताचीही तीच लय ठेवली तर मागाचा आवाज आपोआप तालात बसेल, तो आपल्याला फुकट मिळालेला वादक आहे. आठ मात्रांचा केरवा घेतला, तर एक मात्रा अर्ध्या सेकंदाची आणि एक आवर्तन चार सेकंदांचं.

सम म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, जिथं ऐकणारा मान हलवतो. केरव्यात पाचव्या मात्रेला खाली येते, जिथं ताल हलका होतो. शास्त्रीय संगीताचं नावही न घेणारा माणूस भजनात, वरातीत, लेझमीत हे शरीरानं शिकलेला असतो. समेची वाट पाहणं त्याच्या अंगात मुरलेलं आहे, आणि आपल्या कामाचं खरं भांडवल तेच आहे.

आता मोजा. प्रसंगाच्या सुरुवातीला अगदी मंद आवाजात, कानाला जेमतेम कळेल असा केरवा सुरू केला. चार सेकंदांचं एक आवर्तन, म्हणजे २० सेकंदांत पाच आवर्तनं पूर्ण. २२ व्या सेकंदाला आपण सहाव्या आवर्तनाच्या बरोबर मध्यावर, खालीच्या मात्रेवर असतो. माग तिथं सुरू होतो. प्रेक्षकाचं शरीर धक्का समेवर येईल असं धरून बसलेलं असतं. तो आला जिथं काही यायचं नव्हतं तिथं. म्हणून तो लागतो.

मग ताल वाढत जातो, मागाचा ठोका त्यात मिसळतो. ३२ व्या सेकंदाला आठ आवर्तनं पूर्ण होतात आणि नववी सम येते. चादर नेमकी तेव्हाच वर जाते. सगळी शेड, सगळा ताल, पाहणाऱ्याची सगळी शक्ती त्या समेकडे धावत आलेली आहे. तिथं काहीही वाजवायचं नाही. माग थांबलेला, संगीत थांबलेलं, हवा थांबलेली. एक सेकंद ही रिकामी सम. मग म्हाताऱ्याचा प्रश्न.

हसू इथं फुटतं, आणि संगीतानं विनोदाचा एकही सूर वाजवलेला नसतो. आधीच्या ३२ सेकंदांत त्यानं भुतावर मनापासून विश्वास ठेवला म्हणून ही शांतता भरलेली वाटते. समेवर शिट्टी किंवा झांज वाजवली असती, तर साठलेली शक्ती तिथंच सांडली असती.

हसू फुटल्यावरही लगेच संगीत सुरू करू नये. लोक हसत असताना पुढचं वाक्य कुणाला ऐकू येत नाही. म्हणून दिग्दर्शकाला सांगून तीन-चार सेकंदांची नुसती प्रतिक्रिया, मित्रांचे चेहरे, मागून घ्यावे. पुढच्या संवादाखाली वाद्य ठेवायचंच असेल तर ते माणसाच्या आवाजाच्या वर किंवा खाली ठेवावं. पेटीचं मधलं सप्तक बोलण्याच्या बरोबर मध्ये येतं आणि शब्द पुसतं. सोलापुरात हे जास्त सांभाळावं लागतं, कारण एकाच प्रसंगात मराठी, कन्नड, तेलुगू आणि दखनी ऐकू येऊ शकतात. अशा बोलण्यात गंमत शब्दापेक्षा हेलात असते, आणि हेल झाकला गेला की विनोदही जातो.

६. वाद्यं आसपासची

संगणकात तयार मिळणारे व्हायोलिनचे ताफे आणि किंचाळणारे आवाज वापरायला सोपे असतात. पण ते हजारो सिनेमांत ऐकलेले आहेत. सोलापूर परिसरातल्या वाद्यांत जे आहे ते त्या संचांत नाही.

हलगी घ्या. तिचं चामडं विस्तवावर शेकतात. ताण वाढतो, आवाज कडक आणि उंच होतो. न शेकलेली, पावसाळ्यात सैल पडलेली हलगी वादकाला नको असते. आपल्याला हवी. तिचा बसलेला, ओलसर ठोका छातीच्या ठोक्याजवळ जातो. एकाच हलगीची थंड आणि तापलेली अशी दोन ध्वनिमुद्रणं केली, की एका वाद्याची दोन वाद्यं झाली. आणखी एक गोष्ट: आपल्या भागात हलगी जत्रेतही वाजते आणि अंत्ययात्रेतही. तिच्यात आनंद आणि मृत्यू दोन्ही आधीच आहेत. भय-विनोदी सिनेमाला याहून जवळचं वाद्य कोणतं?

चौंडकं हलगीच्या खालोखाल. एका बाजूला चामडं मढवलेलं नळकांडं आणि चामड्यातून निघालेली तार. तार ताणत छेडली की सूर वर चढतो, सैल सोडली की घसरतो. यल्लम्माच्या गाण्यांत ते ऐकू येतं. माणसाचं रडणं आणि हसणं दोन्ही घसरत्या सुरांचीच असतात, त्यामुळे चौंडक्याच्या एका खेचीत ऐकणाऱ्याला क्षणभर कळत नाही की हे हुंदके आहेत की हसू.

संबळाबाबत मात्र थांबून विचार करावा. तुळजापूर इथून तासाभराच्या अंतरावर आहे, आणि सोलापूरच्या कितीतरी घरांत लग्नानंतर गोंधळ घातला जातो. भुताच्या प्रवेशाला संबळ वाजवला, तर इथल्या प्रेक्षकाला भूत आल्यासारखं वाटणार नाही, देवी आल्यासारखं वाटेल. मग त्याचा उपयोग उलटा करावा: भूत शांत होण्याच्या, त्याला वाट मिळण्याच्या क्षणी. वाद्याला गावात जो अर्थ आहे तो तोडून वापरला तर संगीत नुसता आवाज उरतो. आणि कुणाचा जागर, कुणाची पूजा गुपचूप ध्वनिमुद्रित करून भुताखाली लावणं मला अजिबात मान्य नाही. वादकाला कथा सांगावी, प्रसंग दाखवावा, काय वाजवणं योग्य होईल ते त्यालाच विचारावं. बहुतेक वेळा तो तुमच्यापेक्षा चांगली कल्पना देतो.

घरातल्या वस्तूही कामाच्या आहेत. स्टीलच्या तांब्यात थोडं पाणी घालून कडेवर चमच्यानं वाजवा आणि तांब्या तिरका करा. पाणी हलतं तसा सूर वाकतो. परदेशी भयपटांत वाजणारं वॉटरफोन नावाचं महागडं वाद्य याच तत्त्वावर चालतं. पेटीचा भाता एकही पट्टी न दाबता हळू हलवला तर लाकडी उसासा मिळतो. कोणताही आवाज अर्ध्या गतीनं वाजवला, तर तो दुप्पट लांब होतो आणि बरोबर एक सप्तक खाली जातो. दोन सेकंदांची शटरची करकर चार सेकंदांची होते, आणि ती शटरची आहे हे कुणाला ओळखू येत नाही. ऑडॅसिटी हे सॉफ्टवेअर फुकट मिळतं, आणि एवढ्या कामाला ते पुरतं.

७. चादरीची खोली आणि मोबाइलचा कान

रिकाम्या खोलीत आवाज भिंतींवर आपटून परत येतो आणि ध्वनिमुद्रण पोकळ होतं. यावर सोलापुरात उपाय घरोघर आहे. चादरी आणि जाड टॉवेल दोरीवर टांगा, भिंतीला चिकटवू नका, वीतभर अंतर सोडा. कापडाच्या मागे हवा असली की ते आवाज जास्त शोषतं. वरचे, टोकदार आवाज यानं चांगले आवरतात.

खालच्या आवाजांवर मात्र चादरीचा काही उपयोग नाही. कारण साधं आहे. आवाज हवेत सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. १०० हर्ट्झच्या आवाजाची एक लाट ३४० भागिले १००, म्हणजे ३.४ मीटर लांब असते. एवढ्या लांब लाटेला बोटभर कापड काय अडवणार? शेजारच्या गल्लीतल्या मागांची धडधड चादरीतून सरळ आत येते. म्हणून माग थांबलेले असतील ती वेळ साधावी, आणि ध्वनिमुद्रणापुरता पंखा बंद ठेवावा. मे महिन्यात हे सोपं नसतं.

आणि सिनेमा पाहणार कुठे? कमी पैशांचा सिनेमा बहुतेक लोक मोबाइलवरच पाहतील. मोबाइलच्या इवल्या स्पीकरमधून साधारण २०० हर्ट्झच्या खालचे आवाज जवळजवळ येतच नाहीत. चांगल्या हेडफोनवर ऐकून तुम्ही रचलेली खोल गुरगुर प्रेक्षकापर्यंत पोहोचणारच नाही. इथं कानाचा एक स्वभाव मदतीला येतो. २००, ३०० आणि ४०० हर्ट्झ एकत्र वाजले, तर मेंदू त्यांच्यामागचा १०० चा स्वर स्वतः भरून घेतो. प्रत्यक्षात तो नसतो, तरी ऐकू येतो. म्हणून खोल सुराबरोबर त्याच्या वरच्या पटी ठेवाव्यात. थोडी खर असलेला, जाडसर सूर निवडला की त्या आपसूक येतात. प्रत्येक तुकडा पूर्ण झाल्यावर साध्या फोनवर ऐकावा. तिथं भीती वाटली तर बाकी सगळीकडे वाटेल.

८. कुणाचं काय देणं लागतो

संकलक बऱ्याचदा एखाद्या गाजलेल्या सिनेमाचं संगीत तात्पुरतं लावून ठेवतो आणि दिग्दर्शकाच्या कानाला त्याची सवय होते. ते शेवटी तसंच ठेवता येत नाही. भारतात गीत आणि संगीतावरचा हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो, ध्वनिमुद्रणावरचा हक्क ते प्रसिद्ध झाल्यापासून ६० वर्षं. एकनाथांचं भारूड कुणीही गाऊ शकतं. पण एखाद्या गायकानं अलीकडे ध्वनिमुद्रित केलेलं तेच भारूड उचलता येत नाही. पारंपरिक चाल हवी असेल तर ती आपल्या वादकांकडून नव्यानं वाजवून घ्यावी.

२०१२ च्या कायदा-दुरुस्तीनं संगीतकार आणि गीतकारांना आणखी एक आधार दिला. चित्रपटगृहातल्या खेळांपलीकडे त्यांच्या रचनेचा वापर होतो, तेव्हा स्वामित्वधनातला (रॉयल्टीतला) त्यांचा वाटा त्यांना लिहून देऊनही सोडता येत नाही. मित्राच्या सिनेमाला फुकट संगीत देणाऱ्या मुलानं हे आधी वाचून घ्यावं.

वादकाशी एका पानाचा करार मराठीत करावा. किती वेळ वाजवलं, किती पैसे दिले, हे ध्वनिमुद्रण याच सिनेमात वापरणार की पुढेही, एवढं त्यात लिहिलेलं असावं. पैसे त्याच दिवशी द्यावेत. श्रेयनामावलीत ‘लोकवाद्यवृंद’ असं एका ओळीत सगळ्यांना गुंडाळू नये. हलगी, चौंडकं, संबळ असं वाद्याचं नाव वेगळं लिहावं आणि प्रत्येकापुढे वाजवणाऱ्याचं पूर्ण नाव.